राडेत्स्की मार्च : एका विजयधुनीचा पावणेदोनशे वर्षांचा प्रवास

ऑस्ट्रियाची राजधानी व्हिएन्ना येथील म्युझिकफेराइन या संगीतगृहाच्या सुवर्ण दालनात दरवर्षी १ जानेवारी रोजी सकाळी व्हिएन्ना फिलहार्मोनिक वाद्यवृंदाची नववर्ष मैफल होते. तिचा शेवट परंपरेने एकाच रचनेने होतो. संचालक वाद्यवृंदाकडे पाठ फिरवतो, श्रोत्यांकडे वळतो आणि हाताच्या इशाऱ्याने त्यांना टाळ्यांचा ताल धरायला लावतो. आधी हलक्या टाळ्या, मग एकदम मोकळ्या आणि जोरकस. दूरचित्रवाणीवरून नव्वदहून अधिक देशांत दिसणारा हा सोहळा पाहणाऱ्या बहुसंख्य प्रेक्षकांच्या दृष्टीने ती केवळ नव्या वर्षाची आनंदधून असते. प्रत्यक्षात ती एका लष्करी विजयाची धून आहे, आणि तो विजय इटलीच्या स्वातंत्र्यासाठी उठलेल्या लोकांवर मिळवलेला होता.

या रचनेचे नाव 'राडेत्स्की मार्च'. कर्ते योहान स्ट्राउस (थोरले), रचना क्रमांक २२८, पहिले वादन ३१ ऑगस्ट १८४८. 'ब्ल्यू डॅन्यूब' या विख्यात वॉल्ट्झचे कर्ते असलेले योहान स्ट्राउस हे त्यांचे पुत्र. दोघांची नावे सारखीच असल्याने मार्चचे श्रेय पुष्कळदा चुकून मुलाला दिले जाते. १८४८ या वर्षी हे पितापुत्र राजकारणात एकमेकांच्या विरुद्ध बाजूंना उभे होते, त्यामुळे ही गल्लत नेहमीपेक्षा अधिक खटकते.

ज्यांच्या नावाने ही धून ओळखली जाते ते फील्डमार्शल योसेफ राडेत्स्की यांचा जन्म १७६६ मध्ये बोहेमियात, म्हणजे आजच्या चेक प्रजासत्ताकात झाला. नेपोलियनविरुद्धच्या युद्धांत त्यांनी नाव कमावले. १८१३ च्या लाइपझिगच्या निर्णायक लढाईत ते मित्रसैन्याचे सेनापती श्वार्झेनबर्ग यांचे प्रमुख सैन्याधिकारी होते. उत्तर इटलीतील ऑस्ट्रियन फौजेची सूत्रे त्यांच्या हाती आली तेव्हा बहुतेक सेनापती निवृत्तीच्या वयाला पोचलेले असतात. सैनिकांमध्ये मात्र ते अत्यंत लोकप्रिय होते. त्यांच्या फौजेत जर्मन, चेक, क्रोएशियन, हंगेरियन आणि इटालियन अशा नाना भाषा बोलणारे शिपाई होते, आणि या सरमिसळ सैन्याला एकत्र बांधून ठेवण्याची हातोटी त्यांच्याकडे होती.

लोम्बार्डी आणि व्हेनिस हे इटलीचे संपन्न प्रांत तेव्हा ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग साम्राज्याच्या ताब्यात होते. १८४८ च्या जानेवारीत मिलानच्या नागरिकांनी तंबाखूवर बहिष्कार घातला. तंबाखूच्या विक्रीतून साम्राज्याच्या खजिन्यात मोठा महसूल जाई, तो तोडणे हा त्यामागचा हेतू. रस्त्यात मुद्दाम चिरूट ओढत फिरणारे ऑस्ट्रियन शिपाई आणि नागरिक यांच्यात चकमकी झाल्या, रक्त सांडले. बंगालच्या फाळणीनंतर १९०५ मध्ये विदेशी मालाच्या होळ्या पाहिलेल्या देशातील वाचकाला या हत्याराची ओळख करून देण्याची गरज नाही.

मार्चमध्ये ठिणगीचा वणवा झाला. १३ मार्च रोजी खुद्द व्हिएन्नात विद्यार्थी आणि नागरिक रस्त्यावर उतरले. युरोपातील जुन्या राजवटींचा आधारस्तंभ मानला जाणारा चॅन्सेलर मेटरनिख राजीनामा देऊन परागंदा झाला. ही बातमी मिलानला पोचताच तेथे उठाव झाला. १८ ते २२ मार्च या पाच दिवसांत गल्लोगल्ली अडथळे रचून, छपरांवरून दगड व कौले फेकून नागरिकांनी राडेत्स्कींच्या कसलेल्या फौजेला शहराबाहेर काढले. इटलीच्या इतिहासात हे 'पाच दिवस' म्हणूनच ओळखले जातात. शहराच्या ज्या वेशीपाशी निर्णायक झुंज झाली तिला पुढे 'विजयद्वार' असे नाव मिळाले.

राडेत्स्की मागे हटले, पण विस्कळीत झाले नाहीत. व्हेरोना, मान्तुआ, पेस्किएरा आणि लेन्यागो या चार किल्ल्यांच्या चौकोनात त्यांनी फौज सुरक्षित ठेवली आणि कुमक येईपर्यंत वाट पाहिली. दरम्यान पिडमाँट-सार्डिनियाचा राजा चार्ल्स आल्बर्ट इटालियन पक्षाच्या बाजूने युद्धात उतरला होता. २४ आणि २५ जुलै रोजी व्हेरोनाजवळच्या कुस्तोझा येथे राडेत्स्कींनी त्याचा पराभव केला. तेव्हा त्यांचे वय ८१ वर्षे होते. ६ ऑगस्टला ऑस्ट्रियन फौज पुन्हा मिलानमध्ये शिरली. पाच दिवसांत मिळवलेले स्वातंत्र्य पाच महिन्यांच्या आत संपले.

या घटनांचा मराठी वाचकाशी एक धागा जुळतो, तो जोसेफ मॅझिनीच्या नावाने. दीर्घ हद्दपारीनंतर मॅझिनी एप्रिल १८४८ मध्ये मुक्त मिलानला आला होता आणि कुस्तोझाच्या पराभवानंतर खांद्यावर बंदूक घेऊन गॅरिबाल्डीच्या स्वयंसेवक पथकात सामील झाला. त्याच मॅझिनीच्या आत्मचरित्रपर लेखनाचा विनायक दामोदर सावरकर यांनी लंडनमध्ये केलेला मराठी अनुवाद १९०७ मध्ये प्रसिद्ध झाला आणि ब्रिटिश सरकारने तो जप्त केला. त्याआधी लाला लजपतराय यांनी उर्दूत मॅझिनीचे चरित्र लिहिले होते. कुस्तोझाच्या रणांगणावर जी बाजू हरली, तिच्याकडे भारतातील क्रांतिकारकांची एक संपूर्ण पिढी आदर्श म्हणून पाहत होती. मार्च ज्या बाजूने वाजला ती दुसरी.

विजयाची वार्ता पोचली तेव्हा व्हिएन्ना शहर दुभंगलेले होते. क्रांतिकारक विचारांचे विद्यार्थी आणि कामगार एका बाजूला, आणि अस्थैर्याला कंटाळलेला, सैन्याच्या यशात दिलासा शोधणारा मध्यमवर्ग दुसऱ्या बाजूला. कवी व नाटककार फ्रान्झ ग्रिलपार्झर यांनी त्या वर्षी राडेत्स्कींच्या गौरवार्थ कविता लिहिली. तटबंदीबाहेरच्या वासरग्लासिस या मोकळ्या मैदानावर इटलीतील सैन्याच्या सन्मानार्थ आणि जखमी शिपायांच्या मदतीसाठी एक उत्सव योजण्यात आला. त्या उत्सवासाठी स्ट्राउस यांनी नवी धून रचली आणि ती राडेत्स्की व त्यांच्या सैन्याला अर्पण केली. पहिल्याच वादनाच्या वेळी उपस्थित लष्करी अधिकाऱ्यांनी पायांनी आणि टाळ्यांनी ताल धरला, अशी कथा सांगितली जाते. आजच्या टाळ्यांचे मूळ तेथे असल्याचे मानले जाते. ते मैदान आता नाही. त्या जागी शहराचे सार्वजनिक उद्यान आहे, आणि त्यात सोनेरी मुलाम्याचा जो स्ट्राउसांचा पुतळा पर्यटक पाहतात तो थोरल्यांचा नसून मुलाचा आहे.

स्ट्राउस (थोरले) हे जन्माने सरदारघराण्यातील किंवा राजनिष्ठ परंपरेतील नव्हते. व्हिएन्नातील एका साध्या खानावळवाल्याच्या घरी १८०४ मध्ये त्यांचा जन्म झाला. बालपणीच आईवडील गेले, पुस्तकबांधणीच्या कामावर त्यांना उमेदवारीला ठेवण्यात आले. नृत्यसंगीताच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवता वाजवता त्यांनी स्वतःचा वाद्यवृंद उभा केला आणि युरोपभर दौरे करून वॉल्ट्झ या नृत्यप्रकाराला प्रतिष्ठा मिळवून दिली. दरबारी नृत्यसंगीताचे संचालक हे पद १८४६ मध्ये खास त्यांच्यासाठी निर्माण करण्यात आले.

त्यांना केवळ प्रतिगामी ठरवणे मात्र अन्यायाचे होईल. क्रांतीच्या पहिल्या बहरात त्यांनी राष्ट्रीय रक्षकदलासाठी मार्च लिहिला, विद्यार्थ्यांच्या सशस्त्र पथकासाठी लिहिला, 'स्वातंत्र्य मार्च' या नावाचाही एक लिहिला. हे सारे राडेत्स्की मार्चच्या आधीच्या काही महिन्यांत. लोकांना जे हवे ते ऐकवणारा हा कसबी संगीतकार होता, आणि ऑगस्टपर्यंत त्याच्या श्रोतृवर्गाची इच्छा बदलली होती. मुलगा त्या मानाने अधिक ठाम, किंवा निदान अधिक बेफिकीर निघाला. त्याने क्रांतीच्या नावाने मार्च रचले आणि जाहीर कार्यक्रमात फ्रेंच क्रांतिगीत 'मार्सेय्येज' वाजवले. त्याबद्दल पोलिसांपुढे जबाब देण्याची पाळी त्याच्यावर आली. वडिलांच्या मृत्यूनंतर रिकामे झालेले दरबारी पद त्याला १८६३ पर्यंत मिळाले नाही.

संगीत म्हणून ही रचना लहान आहे. वादनाला साधारण तीन मिनिटे लागतात. दोन मात्रांची चाल, उसळी घेणारा मुखडा, मध्ये थोडे निवांत वळण आणि पुन्हा मुखडा, असा तिचा घाट आहे. मधल्या भागासाठी स्ट्राउस यांनी व्हिएन्नातील एक जुनी लोकधून घेतली. ती मुळात तीन मात्रांची, नाचाची होती. इटलीहून परतणारे शिपाई ती गात असलेले ऐकून त्यांनी तिला दोन मात्रांत बसवले, असे सांगतात. हायडनच्या शंभराव्या, म्हणजे 'मिलिटरी' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या सिंफनीतील एका धुनेशी मुखड्याचे साम्य असल्याचेही अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. ते काहीही असो, या धुनेत रणांगणाचा करडेपणा फारसा नाही. पाय आपटण्यापेक्षा पाय थिरकवण्याकडे तिचा कल आहे. एका नृत्यसंगीतकाराने ती लिहिली हे ऐकताक्षणी कळते, आणि तिच्या दीर्घायुष्याचे एक कारण बहुधा हेच असावे.

पहिल्या वादनानंतर दोनच महिन्यांत व्हिएन्नाची क्रांती चिरडली गेली. ६ ऑक्टोबरला संतप्त जमावाने युद्धमंत्री लातूर यांना ठार करून फासावर लटकवले होते. महिनाअखेरीस शाही सैन्याने शहरावर तोफा डागून ते काबीज केले. डिसेंबरमध्ये सम्राट फर्डिनंड यांनी पदत्याग केला आणि अठरा वर्षांचे फ्रान्झ योसेफ गादीवर आले. मार्च १८४९ मध्ये राडेत्स्कींनी नोवारा येथे चार्ल्स आल्बर्टचा पुन्हा पराभव केला, तेव्हा त्या राजाने युद्धभूमीवरच राज्य सोडले. त्याच सुमारास ब्रेशिया शहराचा उठाव राडेत्स्कींच्या हाताखालच्या हायनाऊ या सेनानीने इतक्या क्रूरपणे दडपला की त्याला 'ब्रेशियाचा तरस' असे नाव पडले. ऑगस्टमध्ये व्हेनिसही शरण आले.

मार्चच्या यशाचा स्ट्राउस यांना उपभोग फार काळ घेता आला नाही. १८४९ च्या दौऱ्यात जर्मनीतील काही ठिकाणी या धुनेचा कर्ता म्हणून त्यांना रोष पत्करावा लागला. दौऱ्यावरून परतल्यावर राडेत्स्कींच्या सन्मानार्थ होणाऱ्या मेजवानीसाठी ते आणखी एक मार्च रचत होते. तो अपुरा राहिला. २५ सप्टेंबर १८४९ रोजी लोहितांग ज्वराने, पंचेचाळिसाव्या वर्षी त्यांचे निधन झाले.

राडेत्स्की त्यांच्यानंतर आठ वर्षे जगले. १८५७ पर्यंत लोम्बार्डी-व्हेनिसचा कारभार त्यांच्याकडे होता आणि ५ जानेवारी १८५८ रोजी मिलानमध्येच त्यांचा मृत्यू झाला. त्यांच्या दफनाची हकीकत विलक्षण आहे. हा सेनापती आयुष्यभर कर्जात बुडालेला असे. सैन्याला पुरवठा करून धनाढ्य झालेला पार्गफ्रीडर नावाचा व्यापारी त्यांची कर्जे फेडत आला, आणि त्या बदल्यात आपल्या जागेत पुरले जाण्याचे वचन त्याने त्यांच्याकडून घेतले. सम्राटाला त्यांना राजघराण्याच्या समाधिस्थळी विसावा द्यायचा होता, पण वचन पाळले गेले. व्हिएन्नाच्या वायव्येस हेल्डेनबर्ग येथे, पुतळ्यांनी भरलेल्या एका खासगी स्मारकवनात त्यांची समाधी आहे. व्हिएन्नाचा प्रसिद्ध खाद्यपदार्थ, म्हणजे पावाच्या चुऱ्यात घोळवून तळलेला वासराच्या मांसाचा काप, राडेत्स्कींनीच मिलानहून आणला अशीही एक दंतकथा आहे. अभ्यासकांनी ती निराधार ठरवली आहे, तरी उपाहारगृहांतून ती आजही आवडीने सांगितली जाते.

राडेत्स्कींनी जिंकलेले प्रदेश त्यांच्या मागे टिकले नाहीत. १८५९ मध्ये लोम्बार्डी गेली, १८६१ मध्ये इटलीचे राज्य घोषित झाले, १८६६ मध्ये व्हेनिसही गेले. पिछेहाट जसजशी वाढली तसतशी ही धून अधिक प्रिय होत गेली. गावोगावच्या लष्करी बँडकडून ती वाजू लागली आणि साम्राज्याची जणू ओळख बनली. १९१८ मध्ये साम्राज्यच उरले नाही.

या अवस्थेला वाङ्मयरूप दिले ते योसेफ रोट या कादंबरीकाराने. साम्राज्याच्या पूर्व टोकाला, आज युक्रेनमध्ये असलेल्या ब्रोडी गावी १८९४ मध्ये एका ज्यू कुटुंबात जन्मलेल्या रोट यांची 'राडेत्स्की मार्च' ही कादंबरी १९३२ मध्ये प्रसिद्ध झाली. ट्रोटा घराण्याच्या तीन पिढ्यांची ही कथा. आजोबा सोल्फेरिनोच्या लढाईत तरुण सम्राटाचा जीव वाचवतो आणि सरदारपदाला चढतो. मुलगा जिल्हाधिकारी होतो. त्याच्या घरासमोर दर रविवारी लष्करी बँड हीच धून वाजवतो. ती ऐकत वाढलेल्या नातवाला बालवयात वाटते की या धुनेच्या तालावर सम्राटासाठी मरण यावे, याहून सुंदर काही नाही. प्रत्यक्षात मरण येते ते पहिल्या महायुद्धात, हाताखालच्या तहानलेल्या शिपायांसाठी पाणी आणायला गेला असताना. त्या क्षणी पडघमाचे ते ओळखीचे ठोके त्याच्या कानात उमटतात. जर्मन भाषेतील विसाव्या शतकाच्या श्रेष्ठ कादंबऱ्यांत तिची गणना होते. हिटलर सत्तेवर आला त्याच दिवशी रोट यांनी जर्मनी सोडली. १९३९ मध्ये पॅरिसमध्ये, निर्वासित अवस्थेत त्यांचा मृत्यू झाला.

नववर्ष मैफलीचा इतिहासही त्याच काळोख्या वर्षांत सुरू होतो. पहिली मैफल ३१ डिसेंबर १९३९ रोजी क्लेमेन्स क्राउस यांच्या संचालनाखाली झाली. ऑस्ट्रिया तेव्हा जर्मनीत विलीन झालेला होता आणि मैफलीचे उत्पन्न नाझी राजवटीच्या हिवाळी मदतनिधीला गेले. महायुद्धानंतरच्या वर्षांत राडेत्स्की मार्च या मैफलीत आला आणि हळूहळू तिचा ठरलेला शेवट झाला. सात दशकांहून अधिक काळ जी वाद्यवृंद-मांडणी वाजवली जात होती ती लिओपोल्ड वेनिंगर यांनी १९१४ मध्ये केलेली होती. वेनिंगर हे पुढे नाझी पक्षाचे सदस्य झाले व त्या पक्षाच्या गीतांच्या मांडण्याही त्यांनी केल्या. हे प्रकरण चर्चेत आल्यानंतर २०२० च्या मैफलीत, आंद्रिस नेल्सन्स यांच्या संचालनाखाली, वाद्यवृंदाने स्वतः तयार केलेली नवी मांडणी वाजवली. स्ट्राउसांची मूळ, तुलनेने हलकी मांडणी त्याआधी २००१ मध्ये निकोलाउस हार्नोनकोर्ट यांनी मैफलीच्या आरंभी ऐकवली होती.

मुंबईत १९३६ मध्ये जन्मलेले झुबिन मेहता यांनी या मैफलीचे संचालन १९९०, १९९५, १९९८, २००७ आणि २०१५ असे पाच वेळा केले आहे. त्यांचे वडील मेहली मेहता हे बॉम्बे सिंफनी ऑर्केस्ट्राचे संस्थापक. झुबिन यांचे संगीतशिक्षण १९५४ पासून व्हिएन्नातच हान्स स्वारोव्स्की यांच्याकडे झाले, त्यामुळे त्या शहराच्या या खास लयीची त्यांना घरच्यासारखी सवय आहे. इटालियन संचालकही या मंचावर वारंवार आले. १९८८ मध्ये मैफलीचे संचालन करणारे क्लाउदिओ आबादो हे तर मिलानचे सुपुत्र. ज्या शहराने राडेत्स्कींना हाकलले त्याच शहरात जन्मलेला संगीतकार राडेत्स्कींच्या नावाची धून व्हिएन्नाच्या श्रोत्यांकडून टाळ्यांत वाजवून घेतो, यावर तेव्हा कोणी फारशी भुवई उंचावली नाही. आबादो यांच्या मिलानमध्ये मात्र त्या पाच दिवसांचे, १८९५ मध्ये उभारलेले स्मारक त्याच वेशीच्या चौकात आजही उभे आहे.

जर्मनभाषक देशांच्या पलीकडेही ही धून लष्करी संचलनांत टिकून आहे. चिलीच्या लष्करी प्रबोधिनीचे छात्र दरवर्षी १९ सप्टेंबरच्या सेनादिन संचलनात तिच्यावर पावले टाकतात. चिलीच्या सैन्याची घडण एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जर्मन प्रशिक्षकांनी केली, त्याचा हा वारसा. ब्रिटिश सैन्यातील 'फर्स्ट द क्वीन्स ड्रॅगून गार्ड्स' या पलटणीचीही ती अधिकृत धून आहे. या पलटणीच्या पूर्वसुरी पथकाचे मानद प्रमुखपद १८९६ मध्ये सम्राट फ्रान्झ योसेफ यांना देण्यात आले होते. १९१४ मध्ये तोच सम्राट शत्रुपक्षाचा प्रमुख ठरला. धून मात्र राहिली आणि हाब्सबुर्गांचा दुतोंडी गरुडही त्या पलटणीच्या टोपीवर आजतागायत आहे.

नववर्षाच्या मैफलीत टाळ्यांचा हा ताल दोन प्रसंगी ऐकू आला नाही. २६ डिसेंबर २००४ च्या सुनामीने भारतासह हिंदी महासागराच्या किनाऱ्यांवर लाखो बळी घेतले. त्यानंतर सहाच दिवसांनी झालेल्या मैफलीत, लोरिन माझेल यांच्या संचालनाखाली, मृतांप्रति आदर म्हणून मार्च वगळण्यात आला. २०२१ मध्ये कोरोना साथीमुळे सुवर्ण दालन श्रोत्यांविना होते. नेपल्समध्ये जन्मलेले रिकार्दो मुती यांनी त्या दिवशी मार्च वाजवून घेतला, आणि श्रोत्यांच्या टाळ्यांविना ऐकू आली ती फक्त १८४८ सालची धून.